बिनदोराची कातरणी

नागपूरच्या विमानतळावर बाबांनी माझी बॅग ट्रॉलीवर ठेवली आणि म्हणाले, "लोक हसतील असं काही करू नको बाई तिकडं."

सोळा वर्षं मी ते पाळलं. ईडन प्रेरी या अमेरिकन उपनगरात टाउनहाउस, कोडिंग, मीटिंगा, शनिवारी मराठी मंडळींचं आपापला डबा आणून पॉटलक. मग लेऑफ झाला. दुसरी नोकरी शोधायची सोडून मी आणि माझ्या नवऱ्याने, नितीनने, तासाभराच्या ड्राइव्हवर एक जुनं फार्म घेतलं आणि सहा अल्पाका आणले. उंटाच्या कुळातले, लांब मानेचे, लोकरीसाठी पाळायचे प्राणी. ओळखीच्या एक काकू म्हणाल्या, "अगं, मास्टर्स केलंस ना तू?" बाबा फोनवर म्हणाले, "इंजिनिअर पोरगी अन् बकऱ्या चारते?" तिकडचे हसले, इकडचेही हसले. हसू देत.

गेल्या मे महिन्यात आमची पहिली कातरणी झाली. लोकर कातरणारा वॉल्ट वर्षातून एकदाच येतो. त्याने रीतीप्रमाणे एकेकाला मॅटवर आडवं करून पाय दोरांनी ताणून बांधले. जनावराला कातरायचं मशीन लागू नये म्हणूनच तसं करतात, मला कळत होतं. पण चिमी, आमचं दहा महिन्यांचं पिल्लू, अशी किंचाळली की पुढे आठवडाभर माझ्या हातचं खाईना. मी नितीनला सांगितलं, पुढच्या वर्षी हिला दोर नाही.

मग रोज सकाळी तिच्या अंगावरून हात. आधी मान, मग पाठ, मग पोट. पायांना हात लावला की लाथ. चिडून थुंकली की माझं तोंड पुसायचं आणि पुन्हा हात ठेवायचा. पुढे बंद मशीन अंगावरून फिरवलं. मग ते लांब चालू ठेवून रोज थोडं जवळ आणलं. त्यानंतर जन्मलेल्या नव्या दोन पिल्लांनाही तेच. "काही नाही होत, पोरी," मी पुटपुटत राहायचे. इंग्रजीत धीर देणं मला कधी जमलंच नाही.

यंदा वॉल्ट दोर घेऊन गाडीतून उतरला तेव्हा मी म्हटलं, "चिमीला हे नकोत."

"लाथ मारेल ती."

"मला मारेल. तुम्ही मशीन लावा."

मी चिमीची मान कुशीत धरली. ती थरथरत होती, पण उभी होती. पाठ झाली, एक बाजू झाली. पोटाशी मशीन गेलं आणि माझ्या गुडघ्यावर लाथ बसली. मी सोडलं नाही. वॉल्टने मशीन बंद केलं, ती शांत होईपर्यंत थांबला, आणि न सांगता पुन्हा हळूच सुरू केलं. पायांची लोकर तशीच राहिली, ओबडधोबड. संध्याकाळी चिमीने माझ्या हातचं खाल्लं. नव्या दोघांपैकी एक उभा राहिला, दुसऱ्याला बांधावंच लागलं. पुढच्या वर्षी त्याचंही बघते.

बाबांना व्हिडिओ पाठवला. तो बघून त्यांनी फोन केला. म्हणाले, "चांगली धरली तू तिला." आणि लगेच नेहमीचं, "परत कधी येशील?"

"दिवाळीत येते ना, बाबा. तीन आठवडे राहते," मी म्हटलं. "पण परत यायचं ते मला इथंच."