शेवटाला चिमटा

जगातली एकही गोष्ट शेवटापर्यंत जाऊ न देणारा माणूस मी आयुष्यात एकच पाहिला, आणि तो इकडे हिंदी मुलखात, अवधपुरीत आमच्या बरोबर डोक्यावर, म्हणजे वरच्या मजल्यावर राहत होता. आम्ही त्यांना काका म्हणायचो. मूळचे नागपूरचे, इथल्या मोठ्या कारखान्यात तपासनीस म्हणून त्यांची उभी हयात गेली. यंत्र तयार झालं की त्याची अखेरची तपासणी करून सही ठोकायची, हे त्यांचं काम. ती सही झाल्याशिवाय कारखान्यातून खिळासुद्धा बाहेर पडत नसे म्हणतात. असा हा शेवटाचा अधिकारी निवृत्त झाला आणि शेवटाच्याच विरोधात गेला. त्याला कारण एक इंग्रज लेखक.

हा लेखक तिकडच्या कुठल्याशा विद्यापीठात शिकवतो, साहित्यावर जाडजूड सिद्धान्तग्रंथ लिहितो आणि अधूनमधून स्वतःच कादंबऱ्याही लिहितो. काकांच्या मुलीने एम.ए.ला असताना त्याचा एक ग्रंथ घरी आणला होता. लग्न होऊन ती पुण्याला गेली, ग्रंथ मागे राहिला. काकांनी जुन्या सवयीने हातात पेन्सिल घेऊन त्यातले दोष शोधायला सुरुवात केली आणि वाचता वाचता पेन्सिल कधी खाली ठेवली ते त्यांचं त्यांनाच कळलं नाही. मीही तो एकदा उघडून पाहिला. दुसऱ्याच पानावर माझी दातखीळ बसली. काकांना मात्र त्यातून कळलं ते असं, की गोष्ट संपवणं ही लेखकाची सोय असते, वाचकावर तिचं बंधन नाही. “अरे बाप्पा, आपल्याकडे तर जातानाही ‘येतो’ म्हणतात,” ते मला म्हणाले. “हा साहेब अवधपुरीत चार दिवस राहिला असता ना, तर त्याला अर्धा ग्रंथ लिहावाच लागला नसता.”

मग साहेबाचं एकेक पुस्तक पुण्याहून येऊ लागलं. प्रत्येक पार्सलमागून मुलीचा फोन येई, “बाबा, तुम्ही दोघं इकडे राहायला कधी येताय?” काका म्हणत, “बघू.” सिद्धान्तग्रंथ ते अक्षरन्‌अक्षर वाचत, कादंबऱ्या मात्र शेवटच्या प्रकरणाच्या दारापर्यंतच. तिथून पुढची पानं एकत्र धरून त्यांना कपडे वाळत घालायचा चिमटा लावायचा आणि पुस्तक कपाटात उभं करायचं. काकूंना धुण्याला चिमटे पुरेनासे झाले. काकांचा बनियन उडून आमच्या तुळशीवर येऊन पडला, की वर नवीन कादंबरी आली हे आम्हाला कळायचं.

हळूहळू सिद्धान्त कपाटाबाहेर पडला. सामन्याचं शेवटचं षटक सुरू झालं की काका टीव्ही बंद करत. एकदा सकाळी दूधवाल्याने आनंदाच्या भरात “काका, मुबारक हो, अपन जीत गए” म्हणून सांगून टाकलं, तर पुढे कित्येक दिवस काका दूध आणायला थेट आनंद नगरपर्यंत जात होते. गणेशोत्सवात मराठी मंडळाने त्यांचं या लेखकावर व्याख्यान ठेवलं. काका रंगात आले, टाळ्याही पडल्या, आणि एका वाक्याच्या मध्यावर ते शांतपणे खाली बसले. चक्कर आली असं वाटून चिटणीस पाण्याचा ग्लास घेऊन धावले. काका म्हणाले, “मला काही झालेलं नाही. समारोप आपापल्या घरी करा.” पण सिद्धान्ताची खरी परीक्षा घेतली ती नळ दुरुस्त करणाऱ्याने. काम अर्धवट टाकून तो जो गेला तो गेलाच, आणि काकांना तत्त्वापायी तक्रार करता येईना. “तुमच्या साहेबाचाच चेला दिसतोय,” काकू गळत्या नळाखाली बादली सरकवत म्हणाल्या.

काकूंना मात्र खरंच पुण्याला जायचं होतं. जिना चढताना त्यांचे गुडघे दुखत, आणि नात फोनवर पहिल्यांदा “आजी” म्हणाल्यापासून त्यांचा जीव इथे रमेना. मुलीने आपल्याच इमारतीत तळमजल्यावर घर पाहून ठेवलं होतं. काका “बघू”च्या पुढे सरकत नव्हते. मला ते मनातून बरंच वाटायचं. काकांशिवाय आमचे रविवार कसे गेले असते?

अशाच एका रविवारी मी वर बसलो होतो. काकू ओल्या कपड्यांची बादली घेऊन आल्या, त्यांनी पुस्तकांचं कपाट उघडलं आणि एकेका कादंबरीचा चिमटा काढून पदरात टाकायला सुरुवात केली. काका ताडकन उठले.

“अहो, हे सगळे शेवट मी केव्हाच वाचलेत,” काकू म्हणाल्या. त्या शाळेत इंग्रजी शिकवायच्या. “तुम्ही फिरायला गेलात की वाचते.”

काकांनी कानांवर हात ठेवले.

“कान झाकू नका. कुणी मरत नाही की काही कोसळत नाही. माणसं सामान बांधतात आणि मुलाबाळांकडे जातात. घाबरण्यासारखं काही नसतं त्यात.”

हे खरं होतं की काकूंनी उभ्या उभ्या रचलं, मला आजही ठाऊक नाही. काकांनी हात खाली घेतले. मग म्हणाले, “इथं सगळे ओळखतात मला. पुण्यात मला कोण विचारणार?”

“मी विचारीन की, चहा घेणार का म्हणून,” काकू म्हणाल्या. “इथेही मीच विचारते.”

त्या दिवाळीनंतर ते गेले. सामानाचा ट्रक पुढे निघाला, काकू टॅक्सीत जाऊन बसल्या, आणि काका तेवढे फाटकाशी माझ्याशी बोलत उभे राहिले. बोलणं काही संपेना, आणि या खेपेला ते संपू नये असं मलाही वाटत होतं. टॅक्सीवाल्याने दोनदा हॉर्न वाजवला तेव्हा त्यांनी पिशवीतून साहेबाची सगळ्यात नवी कादंबरी काढून माझ्या हातात दिली. काकूंच्या तावडीतून तेवढी एकच सुटली होती. तिचा चिमटा जागच्या जागी होता. “वाच, पण तो काढू नको. मी आलो की दोघं मिळून बघू,” ते म्हणाले, आणि गाडीत बसता बसता, “येतो रे.”

फोन येतो त्यांचा. पुण्यात त्यांनी नवं वाचक मंडळ काढलंय. तिथले लोक शेवट ऐकल्याशिवाय उठत नाहीत, अशी त्यांची तक्रार आहे. फोन ते अजूनही मध्येच ठेवतात. मी कादंबरी चिमट्यापर्यंत वाचून कपाटात ठेवली आहे. परवा वारं सुटलं, दोरीवरचा टॉवेल उडाला, आणि बायको म्हणाली, “त्या पुस्तकाचा चिमटा दे ना काढून.” मी चप्पल घातली आणि कोपऱ्यावरच्या दुकानातून डझनभर नवे चिमटे घेऊन आलो.