शेठजींच्या मोबाइलवरचा ओटीपी

गॅरेजसाठी गाड्या तपासायचा स्कॅनर घेतला तेव्हा शेठजी म्हणाले होते, "नोंदणीला माझाच नंबर टाकतो, भाऊ. तुम्हाला कशाला कटकट?" जळगावात सुटे भाग मी त्यांच्याच दुकानातून घेतो, माणूस सरळ. मीही म्हणालो, टाका. झालं! मशीन माझं आणि मालकी शेठजींच्या फोनची.

त्या दिवशी पाचोऱ्याकडचे नाना केळी भरलेली पिकअप रखडत रखडत गॅरेजवर घेऊन आले. कंपनीचं वर्कशॉप ओलांडून माझ्याकडे येणारं हे जुनं गिऱ्हाईक. सावद्याला व्यापाऱ्याचा ट्रक त्यांच्या मालासाठी थांबलेला, संध्याकाळी निघणार. इंजिनात डिझेल सोडणारा इंजेक्टर गेला होता. जेवणसुद्धा न करता मी तो बदलला. आता नव्या इंजेक्टरचा नंबर स्कॅनरने गाडीच्या कॉम्प्युटरला सांगायचा, की गाडी सुसाट. स्कॅनर जोडला, तर पडद्यावर काय? परवान्याची तपासणी, नोंदणीच्या मोबाइलवर ओटीपी पाठवला आहे.

शेठजींचा फोन बंद. दुकानात धावलो, तर मुनीम म्हणे, "शेठजी जैन स्थानकात सामायिकला बसलेत. फोन गल्ल्यात, गल्ल्याची किल्ली त्यांच्या कमरेला." सामायिक म्हणजे पाऊण तास तरी उठायचं नाही. स्थानकाच्या पायरीवर जाऊन बसलो. धर्माला बसलेल्या माणसावर चिडता येत नाही, म्हणून परवान्याची ही टूम काढणाऱ्यांच्या सात पिढ्यांचा मनातल्या मनात उद्धार केला. अरे, हात माझे, घाम माझा, आणि तुमची परवानगी कशाला रे?

शेठजी बाहेर आले, हात जोडून माफी मागितली. गल्ला उघडला, तर ओटीपीची मुदत संपलेली. नवा मागवायचा तर मशीन गॅरेजवर! पुन्हा गॅरेज, पुन्हा फोन, शेठजी एकेक आकडा ओरडून सांगताहेत. अखेर नंबर चढला. डॅशबोर्डवरचा लाल दिवा गेला. मी बोनेट आपटलं नि वळून पाहिलं, तर मागचा हौदा रिकामा. माझी वाट पाहून नानांनी माल दुसऱ्या टेम्पोत चढवला होता आणि त्याच्याबरोबरच गेले होते.

दुसऱ्या दिवशी सकाळी ते गाडी न्यायला आले. ट्रक कसाबसा गाठला म्हणाले. मी सगळं सांगू लागलो, शेठजी, सामायिक, ओटीपी. त्यांनी ऐकून घेतलं, माझ्या पाठीवर हात ठेवला.

"जाऊ दे भाऊ. आते गाडी कंपनीमाच टाकसु. तुले तरास नको."

शिव्या घातल्या असत्या तर बरं वाटलं असतं.