अकरा दिवसांचा बर्फ

चित्रपटांत कायम नोकराचीच कामं मिळायची, म्हणून स्टुडिओत सगळे त्यांना हुजरे म्हणत. "साहेब, गाडी आली," हे त्यांचं पडद्यावरचं पहिलं वाक्य. पुढे गाडीऐवजी कधी तार आली, कधी पाहुणे, एवढाच काय तो फरक. हुजऱ्यांना त्याचं वाईट वाटत नसे. चार ओळींच्या कामासाठीही ते बायकोला समोर बसवून तालीम करत, आणि ती काजं करता करता त्यांचे उच्चार सुधारत असे.

तिशीत असताना त्यांना एका चित्रपटात डोंगरावरच्या हवेलीच्या पहारेकऱ्याचं काम मिळालं. हिमवादळात फाटक उघडायचं, नायिकेला आत घ्यायचं. चित्रीकरण अकरा दिवस चाललं, तेही भर उन्हाळ्यात, तापलेल्या दिव्यांखाली. आधी बर्फ म्हणून कापूस वापरला होता, तो पेटला. मग पोत्यांतून पांढरी, मऊ भुकटी आली. दिवेवाला माळ्यावरून ती सोडायचा, खाली मोठा पंखा ती उडवायचा. "हा बर्फ आगीला भीक घालत नाही," दिवेवाला कौतुकाने म्हणायचा. संध्याकाळी सगळे पीठगिरणीतून आल्यासारखे पांढरेफटक होऊन निघत.

कपड्यांच्या दुरुस्तीचं काम हुजऱ्यांची बायको घरी घेत असे. पहारेकऱ्याचा जाड कोट रोज घरी यायचा. ती तो खिडकीत धरून झटकायची, उसवलेलं शिवायची, आणि वर हसायची, की बाकीच्यांचे नवरे पगार आणतात, आमचे हिवाळा आणतात.

चित्रपट आला आणि गेला. मग घरोघरी टेलिव्हिजन आला. नाटकं तेव्हा थेट दाखवत. चुकलं की चुकलं. एकदा नायक ऐन प्रसंगात वाक्य विसरून खांबासारखा उभा राहिला. हुजरे चहाचा ट्रे घेऊन वेळेआधीच आत गेले, "मघाशी आपण मृत्युपत्राचं बोलत होतात," असं अदबीने म्हणाले आणि बाहेर आले. त्यावर त्यांना दर आठवड्याच्या मालिकेत लॉजच्या व्यवस्थापकाचं काम मिळालं, ते चार वर्षं टिकलं. लोक रस्त्यात थांबवून त्यांच्याकडे खोली रिकामी आहे का विचारत. ते दिवस बरे होते.

हुजरे पंचावन्नचे झाले त्या वर्षी दिवेवाला गेला. भेटायला गेले होते तेव्हा तो उशीला टेकून बसला होता. आडवं झालं की श्वास पुरत नसे. त्याने सांगितलं, की डॉक्टर म्हणतात छातीत ॲस्बेस्टॉस आहे, आपला तो बर्फ. सहा महिन्यांत पंखेवालाही गेला.

हुजरे घरी काहीच बोलले नाहीत. दाढी करताना ते आरशासमोर श्वास ओढून धरत आणि आकडे मोजत. अखेर गुपचूप जाऊन त्यांनी छातीचा फोटो काढला. फोटो स्वच्छ निघाला. त्या दिवशी ते जवळजवळ धावतच जिना चढले. बायको अर्ध्या जिन्यात पिशवी टेकवून उभी होती. "तुम्ही व्हा पुढे," ती म्हणाली. "मला हल्ली दम लागतो."

हुजऱ्यांनी तिची पिशवी उचलली आणि दुसऱ्याच दिवशी तिला डॉक्टरांकडे नेऊन तिच्या छातीचा फोटो काढून घेतला.

डॉक्टरांनी तिला विचारलं, "कारखान्यात कामाला होतात का कधी?"

"नाही हो. घरी शिवते."

"आणि हे?"

"नट आहेत."

डॉक्टरांनी पुन्हा फोटो उजेडात धरला. हा आजार त्यांनी कारखान्यातल्या मजुरांत पाहिला होता. शिवणकाम करणाऱ्या बाईत नाही. तेव्हा हुजऱ्यांनी कोटाचं सगळं सांगितलं. ती ऐकत होती. तिलाही ते तेव्हाच कळलं.

घरी आल्यावर ती शिवणाच्या मशीनपाशी बसली. "मी आणला तो घरात," हुजरे म्हणाले.

"तुम्हाला काय माहीत होतं? पण बाकीचेही असतीलच की. त्यांना सांगा."

ती चौदा महिने जगली. तेवढ्या काळात हुजऱ्यांनी तीन कामं सोडली, आणि नंतर कुणी विचारलंच नाही. ती गेल्यावर ते माणसं शोधायला निघाले. श्रेयनामावलीत नावं होती फक्त मोठ्यांची, आणि मोठ्यांनी तो बर्फ दोनच दिवस अंगावर घेतला होता. बाकीचे आठवून, विचारत विचारत शोधावे लागले. दोन घरांत उशीर झाला होता. एका सुताराने दारातूनच परत पाठवलं. मरण दारात घेऊन येणारा माणूस नको, म्हणाला. तो बरोबरच होता, असं हुजऱ्यांना वाटलं. तरी त्यांनी डॉक्टरांचा पत्ता उंबऱ्यावर ठेवला.

नायिकेच्या धाकट्या बहिणीचं काम एका सहा वर्षांच्या मुलीने केलं होतं. आता ती तिशी ओलांडलेली शिक्षिका होती. तिने त्यांना लगेच ओळखलं, हाताला धरून आत नेलं. ते दिवस तिला अजून आठवत होते. तिच्या आयुष्यातला तो एकमेव बर्फ होता.

"मी तोंड उघडून उभी राहायचे, काका," ती हसत म्हणाली. "जिभेवर झेलायचे."

हुजरे खुर्चीच्या कडेला बसले. इतकी वर्षं दुसऱ्यांनी लिहिलेलं बोलत आलेल्या माणसाला पहिलं वाक्य सापडेना. पण त्यांनी सांगितलं, कोटापासून बायकोपर्यंत सगळं. शेवटी उठून तिने आतल्या खोलीचं दार लावून घेतलं. तिथे तिची लेक खेळत होती.

शिक्षिकेचा फोटो स्वच्छ निघाला. डॉक्टर म्हणाले, दरवर्षी येत राहा. पुढचं आज कुणी सांगू शकणार नाही. तेव्हापासून ती दरवर्षी दोन ओळींचं पत्र पाठवते. ते येईपर्यंत हुजरे पोस्टमनच्या वेळेला घराबाहेर पडत नाहीत.