दाजीबामामांची दोन बोटं

दाजीबामामा गेल्याचा फोन कुरुंद्याहून आला, तेव्हा मी हिंगोलीत व्यायामशाळेचं कुलूप उघडत होतो. त्यांची लेक सुनीताताई एवढंच म्हणाल्या, "बाबा गेले रे… सकाळी चहा घेतला अन् गेले." दोन वर्षं मी मामांशी बोललो नव्हतो. त्या दिवशी रडू नाही, आधी राग आला. आता हा माणूस खरं कधीच सांगणार नाही, याचा राग.

मामा हळदीच्या आडतीवर हमाल होते. आमचं नातं काही नाही, सगळं गावच त्यांना मामा म्हणायचं. लहानपणच्या तापानं माझे दोन्ही पाय वाळलेले. सातवीत असताना मी हातांवर आडतीच्या पायऱ्या चढताना त्यांनी पाहिलं अन् हसून म्हणाले, "खांदे कोणाचे आणलेस रे, बैलाचे?" त्यांनीच वेल्डरकडून लोखंडी बाकडं करून घेतलं. मला त्यावर उताणं निजवायचे, नवारीच्या पट्टीनं पाय बांधायचे आणि बार अडकला तर धरायला डोक्यामागे उभे राहायचे. बार छातीवर आणायचा, क्षणभर थांबवायचा आणि वर ढकलायचा, एवढाच आमचा खेळ. घरात शिकलेलं कोणी नव्हतं. परीक्षेला मामाच माझी तीनचाकी ढकलत कॉलेजात न्यायचे. "नापास झालास तर बारला हात लावू देणार न्हाई," असा दम असायचा. मी पदवीधर झालो तो त्यांच्यामुळे, हे मी आजही कुठेही सांगतो.

पुढे भारतीय संघात निवड झाली. परदेशातली मोठी स्पर्धा, अनेक खेळ, अनेक देश. शिबिर संपल्यावर तीन आठवडे मी घरी होतो. उजवा खांदा दुखत होता. शिबिरात एकशे तीस किलोच्या पुढे गेलो नव्हतो, पण घरी मामांसमोर एकशे चाळीस रोज वर जात होते. "गेलं की रे! तिकडं पहिलंच एकशे चाळीस सांग. भिऊ नको." संघाचे प्रशिक्षक कमी सांग म्हणाले, पण मी मामांचं ऐकलं. आमच्या खेळात पहिलं वजन एकदा ठरलं की पुढे कमी करता येत नाही. तीन संधी मिळाल्या. तिन्ही वेळा बार अर्ध्यातच अडकला आणि निकालात माझ्या नावापुढे काहीच लागलं नाही.

परत आल्यावर बहिणीनं मोबाइलवर काढलेला सरावाचा व्हिडिओ पाहिला. बार अडकतो… आणि मामांची दोन बोटं त्याला खालून हळूच लागतात. मी तसाच त्यांच्या घरी गेलो.

"मामा, हात लावत होता का तुमी?"

"न्हाई रे."

"हे बघा की."

त्यांनी मोबाइल डोळ्यांजवळ धरला. "सावली हाय ती."

"काहून खोटं बोलून राहिले?"

"म्हणलं ना, सावली हाय." आणि चहा ठेवायला उठले. मी चहा न घेता निघालो.

पदकाचं दुःख नाही. "खांदा गेलाय, कमी सांग," एवढं ते म्हणाले असते तर माझ्या नावापुढे एक आकडा तरी असता.

दहाव्याला गेलो तेव्हा सुनीताताई म्हणाल्या, "हिंगोलीला जाऊन येतो म्हणायचे. चपला घालायचे, ओट्यावर बसून राहायचे, अन् परत काढायचे. काय सांगायचं होतं, आमाला न्हाई बोलले."

 

आता मी मुलींना शिकवतो. गेल्या आठवड्यात, राज्याच्या निवडीआधी, जयश्रीचा बार अर्ध्यात अडकला. तिचा चेहरा लालबुंद झाला होता आणि तिच्या डोक्यामागे चाकांच्या खुर्चीतून माझे हात आपोआप बारखाली गेले. दोन बोटं लावणं किती सोपं असतं! मी बार धरला आणि वर घेऊन ठेवला.

"गेला का, सर?"

"न्हाई गेला. मी उचलला."

तिनं तोंड फिरवलं.  मी दोन्ही बाजूंची पाच-पाच किलोच्या चकत्या उतरवून ठेवल्या आणि उद्याच्या सरावाच्या वहीत कमी वजन लिहिलं. वाटलं होतं, आता तरी मामांवरचा राग निवेल. तो वाढलाच… 'मी उचलला', इतकं लहान वाक्य होतं ते, मामा.