तराफ्यावरचा तह

दोन हजार बारा साली मी एकसष्ट वर्षांचा होतो आणि सौदीत रास तनुराला एका कंपनीची गाडी चालवत होतो. शाळा चौथीपर्यंत, तीही पुरी नाही. पण इतक्या वर्षांत एकाही साहेबाने मला 'अरे' म्हणून हाक मारली नाही, आणि मारली असती तर मी वळून बघितलं नसतं.

त्या वेळी सरकारने कंपन्यांना रंग लावून दिले होते. सौदी माणसं पुरेशी कामावर ठेवली तर कंपनी हिरवी, नाही ठेवली तर लाल. लाल कंपनीतल्या परक्या माणसाचा इकामा, म्हणजे राहण्याचा परवाना, पुढे वाढत नसे. आमची कंपनी हिरव्यात राहिली. तिथून दोन तासांवर हुफूफला माझे व्याही वायरमन होते, त्यांची लालात गेली. त्यांचं काम खलास झालं. रविवारचं विमान, कायमचं परत.

आम्हा दोघांचं बोलणं वर्षभर बंद होतं. कारण विचाराल तर हसाल. माझ्या मुलीच्या लग्नात, त्यांच्या घरच्या वलीम्याच्या जेवणाला, मला दुसऱ्या पंगतीला बसवलं. मुलीच्या बापाला! ते म्हणाले, "तुमची तर उशिरा आली, आम्ही काय करणार?" त्यांचा गाव खाडीच्या पलीकडे, आमचा अलीकडे, मधे एकच तर, म्हणजे माणसं नेणारी होडी, चालते. तर उशिरा आली हे खरं. पण व्याह्यासाठी पंगत थांबते, हे कुठल्याही पोराला कळतं. मी हात धुतले नि उपाशी परत आलो. माझं चुकलं असं मी तेव्हाही म्हटलं नाही, आजही म्हणत नाही.

बुधवारी मुलीचा फोन आला. तिला सातवा महिना होता. पहिलं बाळंतपण माहेरी, ही आमच्याकडची रीत. सासरचे म्हणत, माहेरच्यांनी न्यायला यावं. मी म्हणत होतो, त्यांनी आणून सोडावं. खाडी कुणीच ओलांडेना.

"अब्बा, सासरे सोमवारी घरी पोचतील," ती म्हणाली. "ते एकदा तुमच्यावरचा राग घेऊन पडवीत बसले, की मला कोण सोडणार?"

"त्यांनी मला फोन करावा, बाय."

"ते म्हणतात, तुम्ही करावा."

"मग बसू देत पडवीत."

तिने फोन ठेवला. रडली असेल. मी विचारलं नाही.

गुरुवारी अर्धा दिवस काम. दुपारी मी माझ्या इंजिनिअरला घेऊन परत निघालो. तो लिथुआनिया नावाच्या युरोपातल्या एका लहान देशाचा, वयाने माझ्याएवढाच. माझी इंग्रजी मोडकी, त्याचीही मोडकी, म्हणून आमचं चांगलं जमायचं. मागून एक जीप दिवे मारत आली. मला सरकायचं नव्हतं, मी सरकलो नाही. जीपवाला चिकटला, हॉर्न वाजवला, शेवटी वाळूतून धूळ उडवत पुढे गेला.

इंजिनिअर म्हणाला, "चीफ, तू बादशहा असायला हवा होतास. आमच्या नदीवर तुझ्यासारखे दोघे भेटले होते."

मग त्याने गोष्ट सांगितली. दोनशे वर्षांपूर्वी फ्रान्सचा बादशहा आणि रशियाचा झार यांची मोठी लढाई झाली. झार हरला. तह करायचा ठरला, पण कुणी कुणाच्या काठावर जायचं? हरला तरी झार झारच. तेव्हा नदीच्या बरोब्बर मधोमध एक तराफा बांधला. त्याच्यावर तंबू ठोकला. दोन काठांवरून दोन होड्या निघाल्या.

"आधी कोण पोचला?" मी विचारलं. माझ्या दृष्टीने तेच महत्त्वाचं.

"फ्रान्सवाला. होडी जोरात वल्हवून घेतली, नि मग झारचं स्वागत करायला उभा, जणू घर त्याचंच!" तो हसला. "पण ते सोड. काठावर तिसरा एक राजा उभा होता, प्रशियाचा. झारचा दोस्त. पावसात भिजत वाट बघत होता. तराफ्यावर त्याच्या राज्याचं काय करायचं ते ठरत होतं. पुढे अर्धं गेलं. आणि त्या दिवशी त्याला तराफ्यावर बोलावलंच नाही."

गाडी चालवत राहिलो. तराफा म्हणजे आमची तरच की. दोन बादशहा ऐटीत, आणि जिचं सगळं ठरायचं ती काठावर. सात महिन्यांची.

"टिकला का तह?" त्याला सोडताना मी विचारलं.

"पाच वर्षं. मग फ्रान्सवाला तीच नदी ओलांडून रशियात घुसला."

"पाच वर्षं पुष्कळ झाली," मी म्हटलं. "मला एक बाळंतपण पुरे."

त्याला काही कळलं नाही. मी खोलीवर येऊन मुलीला फोन लावला. "सासऱ्यांना सांग, हुफूफच्या वाटेवर अर्ध्यात एक पेट्रोल पंप आहे. ना माझा, ना त्यांचा. उद्या सकाळी आठला. ते येत असतील तर मी येतो."

तासाभराने तिचा फोन आला. "ते म्हणतात, तुम्ही येत असाल तर ते येतात. अब्बा, दोघंही या हं!"

दुसऱ्या दिवशी पहाटे फजरची नमाज पढून गाडी काढली. पंपावर लवकरच पोचलो. पण आधी येऊन ताटकळत उभं राहायचं म्हणजे कमीपणा. म्हणून गाडी मशिदीच्या मागे लावली आणि कोपऱ्यातून बघत राहिलो. आठ वाजून गेले तरी कुणी नाही. मग टायरच्या दुकानामागून एक डोकं बाहेर आलं नि परत आत गेलं. पिकलेली दाढी ओळखीची होती.

मी निघालो तसे तेही निघाले. पंपाच्या मधोमध आलो. सलाम कुणाचा आधी झाला ते सांगता येणार नाही, मागे एक ट्रक चालू होता.

"आत्ताच आलात?" मी विचारलं.

"आत्ताच," ते म्हणाले. हातातल्या चहावर साय धरली होती.

मी योजना सांगितली. त्यांच्या मुलाने तिला त्यांच्या काठावरून होडीत बसवायचं, माझ्या मुलाने आमच्या काठावरून दुसरी होडी न्यायची, आणि खाडीच्या मधोमध तिला इकडे घ्यायचं. म्हणजे कुणीच कुणाच्या काठावर गेला नाही.

ते माझ्याकडे बघतच राहिले. "पोटुशी पोर भर खाडीत एका होडीतून दुसऱ्या होडीत चढवणार? अक्कल रास तनुराला ठेवून आलात काय, व्याही?"

तराफ्यावर कुणी पोटुशी नव्हतं.

त्यांनी चहा वाळूत ओतला. "सोमवारी पोचतो. मंगळवारी मीच घेऊन येतो तिला." मग म्हणाले, "पण तर उशिरा आली तर?"

मी तिथेच घरी फोन लावला, त्यांना ऐकू जाईल असा. बायकोला म्हटलं, "मंगळवारी पोर येतेय. सोबत व्याही आहेत. मटण कर, आणि तर कितीही उशिरा लागली तरी ते आल्याशिवाय पहिली पंगत बसवायची नाही."

व्याह्यांनी तोंड फिरवलं आणि पंपाच्या आकड्यांकडे बघत राहिले. मी गाडीचं पुढचं दार उघडून दिलं. "यल्ला," मी म्हटलं, "चला, हुफूफपर्यंत सोडतो."