थर्माकोलचा उजेड

मी लाइटवाला. दुबईत जाहिरातींच्या शूटिंगला दिवे लावतो, आणि नट येईपर्यंत त्याच्या जागी उभाही राहतो, म्हणजे कॅमेरामनला माझ्या तोंडावर उजेड जमवता येतो. आमचा कॅमेरामन फ्रेंच, सत्तरीला टेकलेला. तरुणपणी तिकडे सिनेमे केले, मोठमोठ्या नट्यांचे चेहरे उजळले. कामं आटली तसा इथे आला आणि टॉवरमधल्या फ्लॅटच्या जाहिराती काढू लागला. पद्धत मात्र सिनेमाचीच. सेटवर आला की आधी सगळे दिवे बंद करायला लावायचा आणि अंधारात नुसता बघत राहायचा. क्लायंटची माणसं चुळबुळत, ‘यल्ला, यल्ला’, म्हणजे चला, आवरा, असं चालायचं. मग एकच दिवा, बाजूने. शेवटी हनुवटीखाली पांढरा थर्माकोल. त्यावरून उजेड उलटून वर आला की डोळ्यांखालचं काळं गायब व्हायचं.

ही विद्या मी घरच्यांवरही चालवली. दुबईतल्या देरा भागात माझी खोली होती; तिथे बायकोचा व्हिडिओ कॉल आला की खिडकीशी बसायचं, मांडीवर थर्माकोलचा तुकडा. ‘तब्येत सुधारली हो तुमची,’ ती म्हणायची. मला शुगर निघाली होती, एकदा कामावर चक्कर येऊन पडलोही होतो. तिला कळलं असतं तर परत या म्हणून धोशा लावला असता. झाकली मूठ सव्वा लाखाची. ती स्वतः मात्र कायम दाराकडे पाठ करून बसायची, त्यामुळे तिचं तोंड नुसतं काळं दिसायचं. ‘अगं, उजेडाकडे तोंड कर की!’ मी चिडायचो. ‘माझ्यात काय बघायचंय आता?’ म्हणायची.

कॅमेरामनचं शेवटचं काम रास अल खोरच्या गोदामात होतं. खोटा दिवाणखाना उभारलेला. मी जागेवर उभा राहिलो, थर्माकोल लागला. तो मॉनिटरकडे बराच वेळ बघत राहिला, मग जवळ येऊन त्याने थर्माकोल बाजूला केला. मॉनिटरवर माझ्या जागी मला माझा म्हातारा बाप दिसला.

‘यू आर टायर्ड,’ तो म्हणाला.

‘नो सर, फर्स्ट क्लास!’

‘मी टू, ऑल माय लाइफ, फर्स्ट क्लास. वन मोअर फिल्म, वन मोअर. नाऊ आय गो होम. नोबडी इज देअर.’

एवढं बोलून त्याने थर्माकोल परत लावला आणि नटाला बोलावलं. मला रागच आला. याचं उभं आयुष्य दुसऱ्यांचा थकवा पुसण्यात गेलं, आणि जाता जाता माझाच बरा उघडा केला.

रविवारी दुपारी बायकोचा कॉल आला. सवयीने थर्माकोल उचलला, आणि भिंतीला टेकवून ठेवून दिला. खरं सांगायचं तर त्याचाही कंटाळा आला होता.

ती गावच्या पाण्याविषयी काहीतरी सांगत होती, माझं तोंड बघून मध्येच थांबली. आता रडारड होणार, असं मला वाटलं. पण ती फोन घेऊन उठली, वळली आणि दाराकडे तोंड करून बसली. गाल बसलेले. डोळ्यांखाली माझ्याहून काळं.

‘आता बघा,’ ती म्हणाली.