तोंड नसलेली बाई

नाव एकदाच घेते: हिलाल. माझा नवरा, सुरतेच्या बमरोलीत सव्वीस वर्षं साड्यांचे लूम चालवतोय. कारखान्यात खडखडाट एवढा की शेजारच्याचं बोलणं ऐकू येत नाही, म्हणून ही माणसं हातांनी बोलतात. चहा आला, धागा तुटला, पोरगी पास झाली, सगळं हातांनीच.

गेल्या वर्षी ह्यांना खूळ लागलं. साडीच्या घडीतल्या पुठ्ठ्यांवर माणसं काढायची. डोक्याला गोल, अंगाला पाच काड्या, तोंडाला एक रेघ, झाला माणूस! हात जरा जरा हलवत शंभरेक पुठ्ठे काढतात, आणि आमची पोरगी वृषाली एकेकाचा फोटो काढून मोबाइलवर अर्ध्या मिनिटाची फिल्म करते. नळाला नंबर लावणारा माणूस, जिन्यात चप्पल शोधणारा माणूस. म्हटलं असू दे, दारू तर पीत नाहीत.

मग फिल्ममध्ये एक बाई आली. हात कंबरेवर. मी लगेच ओळखली, ती मीच. मेलीला तोंडाची रेघसुद्धा नव्हती. बाई हात नाचवते, नवरा हो हो मान हलवतो, आणि तिची पाठ फिरली की स्वतःच्या डोक्यावर दोनदा थाप मारतो.

फिल्म मोबाइलवर गल्लीभर फिरली आणि दुसऱ्या दिवसापासून गल्लीतले लूमवाले मला बघून डोक्यावर थापा मारायला लागले आणि गालात हसायला लागले. अर्थ विचारला तर एक सांगेल तर शपथ, वृषालीही नुसती हसायची. अहो, नळावरची भांडणं मी मिटवते, माझा काही मान आहे! ह्यांनी मला वेडी ठरवलं की काय, ह्या विचाराने जीव जळत होता.

शेवटी भर दुपारी गेले कारखान्यात. दारात उभी राहिले आणि आपल्याच डोक्यावर दोन थापा मारल्या. एकाने तंबाखू थुंकली, दोघे झोपेतून उठले, मुकादम भगवानने मोबाइल खिशात कोंबला. शेठ आला, एवढाच त्याचा अर्थ!

हसत हसत घरी आले. संध्याकाळी ह्यांना विचारलं, मी शेठ तर शेठ, पण मला तोंड का नाही? हे हो हो मान हलवत राहिले. तीनदा विचारलं. मग फिल्म करता करता बापाच्या खुणा शिकलेल्या वृषालीने हातांनी विचारलं.

"ऐकू येत नाही गं," हे म्हणाले. "चार वर्षं झाली. तुझे हात बघून हो म्हणतो."

चार वर्षं मी घसा फोडत होते, आणि ह्या माणसाने कळू दिलं नाही. रडले बराच वेळ.

मग वृषालीकडून सगळ्या खुणा शिकले. आता आमची भांडणं मुकाट होतात, शेजारच्या मालतीबाईंची करमणूक गेली. ऐकू आलं नाही म्हणायची सोयही ह्यांना उरली नाही. परवा हातांनी बाजारात चला म्हटलं, तर ह्यांनी डोळेच मिटून घेतले. मी दंडाला असा चिमटा काढला की उघडले.